हेतुशून्य हालचाल

कारागिराची केस शिकवायची असली की बाई ठेवणीतले कपडे घालून यायच्या. वर्षातून एकदाच तो दिवस यायचा. संगीतोपचाराच्या अभ्यासक्रमात बाकी सगळं होतंच: मेंदूचे भाग, तालाचा चालण्यावर होणारा परिणाम, तक्ते, आलेख आणि डोळ्यांवर झापड आणणारे आकडे. पण बाईंचा जीव केसमध्ये होता. "आकडे सांगतात शंभरातले किती सुधारले," त्या म्हणायच्या. "पण तुमच्यासमोर शंभर माणसं कधीच येणार नाहीत. एकच येईल. खुर्चीत बसेल आणि तुमच्या तोंडाकडे बघेल. त्याचं काय करायचं, ते केस वाचून शिका."

यात खोटं काहीच नव्हतं. खोटं दुसरीकडेच बसलं होतं, आणि नऊ वर्षं बाईंना त्याचा पत्ता नव्हता.

कारागीर म्हणजे पियानो जुळवणारा माणूस. रुग्णाचं खरं नाव केसमध्ये द्यायचं नसतं, म्हणून बाईंनी त्याचं हे बारसं केलं होतं. चाळीस वर्षं हा माणूस शाळांमधले, हॉटेलांमधले, हौशी लोकांच्या दिवाणखान्यातले पियानो सुरात लावून देत हिंडला. बासष्टाव्या वर्षी मेंदूत गुठळी अडकली, उजवं अंग लुळं पडलं आणि वाचा गेली. समजायचं सगळं, पण तोंडातून निघायचं फक्त "हां हां". अशा काही माणसांना बोलता येत नसलं तरी गाता येतं. बाईंनी त्याला प्रवासाला निघण्याचं एक साधं, चार ओळींचं गाणं दिलं, लहान मुलांना शिकवतात तसलं. डाव्या हाताने मांडीवर ठेका धरायला लावला. सहाव्या सत्रात त्याने अख्खी ओळ म्हटली. अकराव्या सत्रात त्याच चालीच्या दोन सुरांत त्याने "पाणी हवं" असं म्हटलं, आणि बाईंनी पाण्याचा पेला त्याच्या हातात दिला. तेव्हा बाई रडल्या होत्या आणि कारागीर हसत होता. हे सगळं रेकॉर्ड झालेलं होतं. वर्गात दाखवलं की अगदी मागच्या बाकावरचा टिवल्याबावल्या करणाराही गप्प व्हायचा.

केस छापून आली आणि गाजली. बाईंना बोलावणी येऊ लागली, पुस्तकात स्वतंत्र प्रकरण मिळालं, खोलीच्या दारावर पाटी लागली. आता त्या पुस्तकाची दुसरी आवृत्ती निघायची होती.

कारागिराच्या केसला एक पडती बाजू होती. बाई ती लपवत नसत, उलट मुद्दाम दाखवत. बाईंच्या उपचार केंद्रात गाणारा कारागीर घरी मात्र गात नव्हता. बाईंनी घरच्या सरावासाठी गाणं रेकॉर्ड करून दिलं होतं, सोबत सूचनांचा कागद दिला होता: आधी घरच्या पियानोवर सुरुवातीचा स्वर द्यावा, मग रेकॉर्डिंग लावावं, मग सोबत गावं. कारागिराच्या मुलीने त्या सरावाचा एक व्हिडिओ फोनवर काढला होता. त्यात कारागिराची बायको पियानोवर एक स्वर वाजवते, गाणं लावते आणि स्वतः गायला लागते. कारागिराचा चेहरा आक्रसतो. तो "हां हां" असं ओरडतो, डावा हात पुढे काढतो, मूठ वळतो आणि मनगट फिरवतो. बायकोकडे बघतो, परत फिरवतो. ती गात राहते. तो आणखी मोठ्याने ओरडतो. शेवटी ती रडत रडत गाणं बंद करते.

यावर बाईंनी केसमध्ये लिहिलं होतं: "पत्नीच्या उपस्थितीत रुग्ण अस्वस्थ होतो. पत्नीची अधीरता व भावनिक दबाव यांमुळे घरचा सराव निष्फळ ठरला. डाव्या हाताची हेतुशून्य, पुनरावृत्त हालचाल आढळते. शिफारस: सराव प्रशिक्षित व्यक्तीकडून, पत्नीच्या अनुपस्थितीत घेतला जावा. शक्य असल्यास निवासी शुश्रूषा केंद्राचा विचार व्हावा."

परीक्षेत त्यावर पाच गुणांचा प्रश्न असायचा. घरचा सराव का फसला? नऊ तुकड्यांनी इमानेइतबारे लिहिलं की पत्नीची अधीरता व भावनिक दबाव. पाचपैकी पाच. त्या बाईला कोणी प्रत्यक्ष भेटलं नव्हतं, तिच्याशी कोणी शब्द बोललं नव्हतं, पण ती चुकली यावर सगळ्यांचं एकमत होतं. केस लिहिणाऱ्याची ही एक खोडच असते. तो सगळ्यांना कागदावर उभं करतो, ज्याच्या त्याच्या कपाळावर लेबल चिकटवतो, आणि स्वतः मात्र कागदाच्या बाहेर, हात स्वच्छ ठेवून उभा राहतो.

या वर्षी वर्गात एक बँडवाले काका होते. पोलीस बँडमध्ये पस्तीस वर्षं ट्रंपेट वाजवून निवृत्त झाले आणि घरी बायकोच्या पायात पायात येण्यापेक्षा बरं, म्हणून त्यांनी अभ्यासक्रमाला नाव घातलं होतं. वर्गातली मुलं त्यांना चिडवायची आणि त्यांच्याकडून नोट्सही मागून घ्यायची. बाईंनी घरचा व्हिडिओ दाखवला, दिवे लावले, आणि काकांनी हात वर केला.

"बाई, ते घरचं गाणं उतरलंय."

"आवाज कमी येतोय का? वाढवते."

"आवाज नाही हो, सूर. त्या ताईंनी पियानोवर जो स्वर दिला ना, गाणं त्याच्या खाली सुरू होतंय. पुरता अर्धा स्वरही नाही, त्याच्या निम्मा. धड इकडे नाही धड तिकडे."

वर्गात खसखस पिकली. कोणीतरी मागून म्हणालं, "काका, परेड संपली!" बाईही हसल्या. "काका, आपण रुग्ण अस्वस्थ का झाला ते बघतोय. बँडची स्पर्धा नाहीये इथे." हशा आणखी मोठा झाला. काका खाली बसले आणि वहीत बघत राहिले. नंतर बाईंना बऱ्याच गोष्टींची लाज वाटली, त्यात आपलं ते वाक्यही होतं.

तास संपला, मुलं पांगली. काका दाराशी घुटमळत होते.

"रागावलात का बाई?"

"छे हो."

"नाही, म्हणजे मी शहाणपणा करत नव्हतो. परेडच्या आधी तीस वाद्यं एका सुरात आणायचं काम माझ्याकडे होतं. पस्तीस वर्षं तेच केलं, त्यामुळे कानाला ते टोचतं, दुसरं काही नाही. आणि तो हात. तुम्ही म्हणता हेतुशून्य. आमच्या मेसमध्ये एक पियानो होता. वर्षातून दोनदा माणूस यायचा जुळवायला. तो खुंटीवर किल्ली बसवून असंच करायचा." त्यांनी मूठ वळली आणि मनगट थोडंसं फिरवलं, थांबले, परत थोडंसं फिरवलं. "अगदी असंच. तो बायकोवर चिडलेला नाही हो, बाई. तो तिला सांगतोय, हे वर घे, वर घे म्हणून."

बाई म्हणाल्या, "तुम्ही निघा आता काका," आणि त्यांना आपलं तोंड दिसू नये म्हणून फळा पुसायला लागल्या. फळ्यावर काहीही लिहिलेलं नव्हतं.

काका गेल्यावर त्यांनी दार लावून घेतलं. फोनवर स्वर मोजायचं एक ॲप होतं. आधी त्यांनी व्हिडिओतला पियानोचा स्वर मोजला. काटा बरोबर मधोमध उभा राहिला. ज्या घरात पियानो जुळवणारा राहतो तिथला पियानो बेसूर असेल कसा? मग त्यांनी आपण दिलेलं रेकॉर्डिंग लावलं. काटा डावीकडे कलला आणि तिथेच राहिला. बाईंनी ते चार वेळा मोजलं. चारही वेळा काटा तिथेच.

जुनं रजिस्टर कपाटाच्या तळाशी सापडलं. ज्या दिवशी ते रेकॉर्डिंग केलं त्या दिवशी बाईंच्या खोलीत रंगकाम चालू होतं, म्हणून त्यांनी केंद्रातल्या लहान मुलांच्या खोलीतला कीबोर्ड वापरला होता. तो कीबोर्ड सुराने खाली उतरवून ठेवलेला असायचा. मुलांच्या खोलीत धातूच्या पट्ट्यांचं एक जुनं वाद्य होतं, त्याचा सूर काही केल्या बदलत नव्हता, म्हणून कीबोर्डच त्याच्यापर्यंत खाली आणला होता. केंद्रात सगळ्यांना हे ठाऊक होतं. बाईंनाही ठाऊक होतं. मुलांना त्याने काही फरक पडत नव्हता, आणि एकटं ऐकलं तर बाईंच्या कानालाही पडला नव्हता. पण ज्याने चाळीस वर्षं केसाएवढ्या फरकासाठी खुंट्या पिळल्या, त्याच्या कानात आधी खरा स्वर ओतायचा आणि लगेच त्याच्याखालचा कचकचणारा स्वर, आणि वर म्हणायचं की आता गा. हे म्हणजे घासात खडा घालून वाढण्यासारखं होतं. आणि आधी पियानोवर स्वर द्यावा ही सूचनाही बाईंचीच.

त्यांनी केस उघडली. पहिल्याच ओळीत, स्वतःच्याच शब्दांत, लिहिलेलं होतं: "व्यवसाय: पियानो जुळवणे."

एवढं लिहूनही आपल्याला कळलं नाही! बाईंना स्वतःचा इतका राग आला की त्यांनी फाइल बंद केली आणि खिडकीशी जाऊन उभ्या राहिल्या. खाली पार्किंगमध्ये कोणीतरी गाडी पुसत होतं. ते पुसून होईपर्यंत त्या तिथेच उभ्या होत्या.

दुसऱ्या दिवशी पुस्तकाच्या संपादकांचा फोन आला. महिनाअखेर छपाई होती. सगळं तयार होतं, फक्त कारागिराच्या घरच्यांचं नवं संमतिपत्र हवं होतं. "तुमचंच प्रकरण सगळ्यात आधी वाचतात हो लोक," संपादक म्हणाले. बाई "हो, देते" म्हणाल्या.

तीन दिवस त्यांनी मनाशी बरेच हिशेब केले. व्हिडिओ काढून टाकायचा, घरच्या सरावाचा परिच्छेद गाळायचा, कोणाला कळणार होतं? बँडवाल्या काकांना कळलं होतं, पण ते कुठे बोलणार! झाकली मूठ सव्वा लाखाची. आणि कारागीर तर आठ वर्षांपूर्वीच गेला होता. केस छापली जात असतानाच त्याला निवासी केंद्रात हलवलं होतं, बाईंच्याच शिफारशीवरून. चौदा महिन्यांनी तो तिथेच गेला. बाईंनी पत्र पाठवलं होतं आणि केसमध्ये तळटीप जोडली होती, की रुग्ण पुढे अन्य कारणाने मरण पावला. मेलेल्या माणसाचं आता काय बिघडणार होतं?

पण मेलेल्या माणसाची बायको जिवंत होती. बाई कितीही वळसे घालून आल्या तरी विचार तिथेच येऊन थांबायचा. त्या बाईने नऊ वर्षं काय धरून ठेवलं असेल? आपल्यासमोर नवरा गात नव्हता. परक्या बाईसमोर गात होता. आपलं तोंड दिसलं की त्याला त्रास होत होता, आणि हे नुसतं वाटणं नव्हतं, तज्ज्ञ बाईंनी छापून दिलेलं होतं. हे ओझं फक्त एकच माणूस उतरवू शकत होता. त्यासाठी त्या माणसाला स्वतःचं नाक कापून घ्यावं लागणार होतं, एवढंच.

चौथ्या दिवशी बाई संमतिपत्र घेऊन निघाल्या. तिसऱ्या मजल्यावर कारागिराचं घर होतं. जिना चढताना त्यांनी क्रम ठरवला: आधी सांगायचं, मग सही मागायची. उलट करायचं नाही.

दार मुलीने उघडलं. ती आता चाळिशीची झाली होती. "या बाई. आई सकाळपासून तयार होऊन बसलीय," ती म्हणाली.

काकू खरंच तयार होऊन बसल्या होत्या. सत्तरीच्या, चणीने लहान, पाठ ताठ. टेबलावर न वापरलेले कप मांडलेले होते. भिंतीशी पियानो होता, झाकण बंद, वर औषधांचे डबे आणि नातवंडांचे फोटो. बाईंना बघून त्या उठल्याच.

"बसा हो काकू, बसा."

"तुम्ही आलात आणि मी बसून राहू? तुमच्यामुळे या माणसाचा आवाज आम्ही परत ऐकला. मी सगळ्यांना सांगते, डॉक्टरांनी हात टेकले होते, पण बाई होत्या." मग मुलीकडे वळून, "पेन आण गं. कुठे करायची सही? इथे?"

"काकू, आधी मला जरा बोलायचंय."

"बोलू की. पळून जातेय का मी?" आणि चष्मा नाकावर सरकवून, कागद न वाचता, त्यांनी सावकाश, शाळेतल्या मुलीसारखी स्पष्ट सही केली. कागद बाईंच्या हातात दिला. "हं. आता चहा घ्या आणि बोला."

सही हातात होती. एक क्षण, नाही, एक क्षण नाही, चांगला अर्धा कप चहा संपेपर्यंत बाई काही बोलल्या नाहीत. काकू बोलत होत्या. "मला सुरातलं ओ की ठो कळत नाही बघा. हे म्हणायचे, तुला कान दिलेत ते फक्त कानातलं घालायला. इतका गुणी माणूस आणि पदरात पडले मी! म्हणून तर माझं गाणं त्यांना सोसायचं नाही. तुम्ही लिहिलंत ते बरोबरच होतं. मी अधीर होते. मला वाटायचं, माझ्याशीही एक शब्द बोलावं."

"काकू, मी लिहिलं ते चूक होतं," बाई म्हणाल्या.

मग त्यांनी सगळं सांगितलं. रंगकाम, मुलांची खोली, उतरवलेला कीबोर्ड. सांगताना मधेच आपण 'तांत्रिक त्रुटी' असा शब्द वापरला हे त्यांच्या लक्षात आलं, आणि त्यांनी तो परत घेतला. "माझी चूक झाली. ते गाणं बेसूर होतं. तुमचं गाणं नाही, मी दिलेलं."

काकूंच्या डोक्यात काही शिरलं नव्हतं. "ऐकवा बघू दोन्ही," त्या म्हणाल्या. बाईंनी फोनवर आधी केंद्रातलं लावलं, मग घरचं. काकूंनी मान कलती करून, डोळे मिटून ऐकलं.

"मला तर दोन्ही सारखीच वाटतात."

"पण त्यांना वाटत नव्हती ना."

"म्हणजे ते माझ्यावर चिडत नव्हते?"

"नाही."

"आणि हात करायचे, तो? मला वाटायचं, बंद कर, जा इथून, असं म्हणतात."

"किल्ली फिरवत होते काकू. सूर वर घ्या म्हणून तुम्हाला सांगत होते."

काकूंचा चेहरा असा काही उजळला की बाईंना बघवेना. "मला सांगत होते!" त्या मुलीला म्हणाल्या. "ऐकलंस का गं? मला! अरे देवा, आणि मला काय कळणार होतं त्यातलं! चाळीस वर्षं संसार केला, आणि सूर लावायला सांगतायत कोणाला, तर मला!" त्या हसत होत्या आणि डोळ्यांतून पाणी वाहत होतं. त्यांनी ते पुसलंही नाही.

मुलगी हसली नाही. ती उभीच होती, खुर्चीच्या पाठीवर हात ठेवून.

"म्हणजे बाई, ते गाणं बरोबर असतं तर बाबा घरी गायले असते?"

"बहुतेक हो."

"आणि त्यांना त्या निवासी केंद्रात ठेवायची गरज नव्हती."

बाईंनी "तसं नक्की सांगता येत नाही" हे वाक्य ओठांपर्यंत आणलं. पेशाने शिकवलेलं वाक्य होतं ते, अडीअडचणीला कामी येणारं. मग त्यांनी ते गिळलं. "नव्हती," त्या म्हणाल्या.

"चौदा महिने," मुलगी म्हणाली. "आम्ही भांडलो होतो त्यावरून. आई म्हणत होती घरीच राहू दे. मी तुमची केस तिच्यापुढे धरली. म्हटलं, वाच, तज्ज्ञ काय म्हणतात." ती आत गेली, आणि स्वयंपाकघरात नळ सोडल्याचा आवाज आला. तो बराच वेळ चालू राहिला.

काकूंचं हसू हळूहळू विझलं. आनंद जिथे पोचला होता तिथून आता दुसरंच काहीतरी उलटून येत होतं, आणि ते येताना बाईंना समोरून दिसत होतं.

"मग मी त्या दिवशी बाहेर का बसले?" काकू म्हणाल्या.

"कुठल्या दिवशी?"

"ते गेले त्या दिवशी."

बाईंना हे ठाऊक नव्हतं. तळटिपेत एवढं मावलं नव्हतं.

"मला माफ करा," त्या म्हणाल्या. "तुम्ही बाहेर बसलात ते मी लिहिलं म्हणून."

"माफीचं मागाहून बघू." काकूंनी आता डोळे पुसले, नीट, दोन्ही. आवाज मात्र कडक झाला होता. "तुमच्या पुस्तकात हे परत छापणार ना? मग त्या दिवसाचंही लिहा. मी सांगते, तुम्ही लिहून घ्या."

बाईंकडे दुसरा कागद नव्हता. त्यांनी संमतिपत्र उलटं केलं, पेन हातात घेतलं. अकरा सत्रं झाली होती, दोन मुलाखती, तीन अहवाल. या बाईला आपण एकही प्रश्न विचारला नव्हता, हे त्यांना कोऱ्या कागदाकडे बघताना कळलं. सूचना दिल्या होत्या, कागद दिले होते, पण प्रश्न नाही.

"त्या निवासी केंद्रात किती वाजता गेला होतात काकू?" त्यांनी विचारलं.

"दहाला. मी रविवारी आणि गुरुवारी जायची, तो गुरुवार होता. त्यांना सकाळपासून बरं नव्हतं. सराव घेणारी पोरगी म्हणाली, गाणं लावते, म्हणजे शांत वाटेल. तुम्ही बाहेर बसा, फाइलमध्ये तसं लिहिलंय. मी म्हटलं, बरं. जाताना त्यांचा हात धरणार होते, पण म्हटलं नको, उगाच अस्वस्थ होतील."

"मग?"

"मग तिने गाणं लावलं, दार ओढून घेतलं आणि ती दुसऱ्या पेशंटकडे गेली. तुमचं ते चांगलं गाणं, तुमच्या केंद्रातलं. संपलं की आपोआप परत लागायचं. मी बाकावर बसले. आतून ऐकू येत होतं. मी मनाशी म्हणायची, गाणं चाललंय म्हणजे बरे आहेत."

बाई लिहीत होत्या.

"किती वेळ?"

"साडेअकरापर्यंत. मग नर्स फेरीला आली, आत गेली आणि तिने गाणं बंद केलं. बाहेर येऊन म्हणाली, आजी, गेलेत ते, अर्धा तास तरी झाला असेल. तो अर्धा तास मी ऐकत होते. आत कोणी नव्हतं आणि मी बाहेर बसून ऐकत होते."

आतला नळ बंद झाला होता. मुलगी दारात येऊन उभी होती. बाईंचं पेन कागदावर टेकलेलं होतं, पण पुढे सरकत नव्हतं.

काकू जरा पुढे वाकल्या आणि कागदावर काय लिहिलंय ते वाचायचा प्रयत्न करू लागल्या. डोळ्यांना जमेना, तेव्हा त्यांनी बाईंच्या मनगटावर हात ठेवला.

"आणि तुमच्या त्या भाषेत 'पत्नी अनुपस्थित' असं लिहू नका हं," त्या म्हणाल्या. "मी होते. दाराशीच होते."